मासा आधी, गूळ नंतर

कोळशावर मासा भाजायला बसलं की दोन कोडी हमखास पडतात. तव्यावर निमूट भाजला जाणारा तुकडा जाळीवर ठेवला की तिला असा का चिकटतो, की उलटायला जावं तर निम्मा वर येतो आणि निम्मा जाळीलाच राहतो? दुसरं कोडं गोड-तिखट चटणीचं. ती फासून तुकडा भाजला तर पाच मिनिटांत वरून काळाठिक्कर होतो, आणि फोडून पाहावं तर काट्याजवळ मासा अजून कच्चाच. विस्तव एकच, जाळीही एकच. मग एक गोष्ट करपते आणि दुसरी शिजतही नाही, हे कसं?

दोष बहुधा विस्तवाच्या माथी मारला जातो. कोळसे कमी केले जातात, मग मासा शिजायला वेळ लागतो, तेवढ्या वेळात तो कोरडा पडतो आणि चटणी तरीही करपतेच. खरी भानगड आकड्यांत आहे. मासा आतून शिजायला साठ अंश सेल्सिअसच्या आसपासची उष्णता पुरते. त्याला वरून खरपूस रंग यायचा तर पृष्ठभाग १४० अंशांच्या पुढे जावा लागतो. आणि फळांतली एक साखर ११० अंशांच्या आसपासच रंग बदलू लागते. तिघांना एकदम विस्तवावर बसवलं तर हळवी वस्तू आधी जळणार, यात नवल नाही. या पदार्थात मसाल्याइतकाच, किंबहुना मसाल्यापेक्षा जास्त, क्रम महत्त्वाचा आहे.

बाजारातून काय आणायचं

आमचं जबलपूर समुद्रापासून लांब. मार्च १८७० मध्ये मुंबईहून आलेला आणि कलकत्त्याहून आलेला असे दोन लोहमार्ग इथेच जोडले गेले, त्यामुळे बर्फात घातलेला समुद्री मासा इथवर येण्याची सोय पूर्वीच झाली. तरी रोजच्या बाजारातला मासा गोड्या पाण्याचा. शहरात राणीताल, चेरीताल, आधारताल अशी नावं अजून वस्त्यांना चिकटलेली आहेत. पहिलं नाव राणी दुर्गावतीवरून, दुसरं तिच्या दासीवरून आणि तिसरं दिवाण आधारसिंहावरून पडलं, असं इथे सांगतात. त्या तलावांतले किती बुजले आणि किती उरले हा वेगळा, दुखरा विषय आहे.

आज मोठा साठा आहे तो बरगीचा. नर्मदेवरच्या या धरणाचं काम १९७० च्या दशकात सुरू झालं आणि १९९० च्या सुमारास पुरं झालं. १६२ गावं त्यात बाधित झाली. जमिनी गेलेल्या लोकांनी मासेमारीच्या सहकारी संस्था काढल्या आणि १९९४ मध्ये जलाशयातल्या मासेमारीचा हक्क त्यांच्या संघाला मिळाला. पुढे तो टिकला नाही. ज्या पाण्याने शेतं घेतली त्याच पाण्यात जाळं टाकून जगायचं, हे बरगीच्या माशाबरोबर येणारं वास्तव आहे. पाण्यात रोहू, कटला, मृगळ सापडतात, शिंगाळा आणि शिवडाही असतात. १६ जून ते १५ ऑगस्ट हा विणीचा काळ, त्या दोन महिन्यांत मध्य प्रदेशात नदी-जलाशयांतली मासेमारी बंद असते. महाशीर हा नर्मदेचा राजबिंडा मासा, राज्याचा अधिकृत मासा; पण वाहतं, खडकाळ पाणी धरणांनी आटवल्यापासून तो इतका कमी झाला आहे की मिळाला तरी जाळीवर ठेवू नये, असं माझं मत आहे.

भाजण्यासाठी रोहू-कटला फारसे सोयीचे नाहीत. चव उत्तम, पण मांसात जागोजागी रुतलेले इंग्रजी वाय आकाराचे बारीक काटे असतात. रश्शात ते बोटांनी चाचपून काढता येतात; गरम, चटणीने माखलेल्या तुकड्यात नाही. त्यापेक्षा मरळ, शिंगाळा किंवा शेततळ्यात वाढवलेला पंगास घ्यावा. मरळ हवेतूनही श्वास घेतो, म्हणून बाजारात तो टबात जिवंत मिळतो आणि त्याच्या ताजेपणाबद्दल विक्रेत्याशी हुज्जत घालावी लागत नाही.

मांस पांढरं का

बांगड्याचं मांस काळसर आणि मरळाचं पांढरंशुभ्र, याचं कारण दोघांच्या राहणीत आहे. बांगडा आयुष्यभर पोहत असतो. सतत काम करणाऱ्या स्नायूंना सतत प्राणवायू लागतो आणि तो साठवून ठेवणारं लालसर प्रथिन त्या स्नायूंत भरपूर असतं. मरळ बैठा शिकारी आहे. गाळात, शेवाळाच्या आडोशाला तासन्‌तास स्वस्थ पडून राहायचं आणि भक्ष्य टप्प्यात आलं की एक झेप घ्यायची. अशा क्षणभराच्या धावेला लागणारे स्नायू प्राणवायूवाचून, साठवलेल्या साखरेवर चालतात. त्यांना त्या लाल प्रथिनाची गरज नसते, म्हणून ते पांढरे.

माशाचं मांस बोकडाच्या मांसापेक्षा इतकं झटपट का शिजतं, तेही त्याच्या राहणीतूनच कळतं. पाणी माशाचं वजन तोलून धरतं. चार पायांवर शरीर पेलायचं नसल्याने स्नायू बांधून ठेवणारा चिवट धागा, म्हणजे कोलॅजन, माशाला थोडाच पुरतो. आणि जो असतो तो बोकडाच्या मानाने फार कमी उष्णतेला विरघळतो. शिजलेला पांढरा मासा चिरोट्यासारखा पदर-पदर सुटतो तो याच कारणाने. स्नायूंचे आखूड पट्टे एकावर एक रचलेले असतात आणि दोन पट्ट्यांमध्ये कोलॅजनचा पातळ पापुद्रा असतो. पन्नास अंशांच्या आसपास पापुद्रा विरघळून त्याचं मऊ जिलेटिन होतं आणि पदर मोकळे होतात.

चाळीस-पन्नास अंशांत स्नायूंतलं एक मुख्य प्रथिन गोठतं. कच्च्या माशाची काचेसारखी अर्धपारदर्शक झाक जाऊन तो दुधी दिसू लागतो. साठच्या थोडं पुढे मासा शिजलेला असतो आणि रसदारही. पासष्टच्या वर दुसरं प्रथिन आकसतं आणि धाग्यांतलं पाणी पिळून बाहेर टाकतं. जाळीखाली निखाऱ्यांवर एकदम चुरचुर वाढली, तुकड्याच्या कडेने पांढरट पाणी सुटायला लागलं, की समजावं, आता उशीर होतो आहे. पण गोड्या पाण्यातल्या माशांत परजीवी असू शकतात, म्हणून अर्धवट कच्चा ठेवण्याची चैन इथे परवडणारी नाही. ६३ अंश हा सर्वमान्य सुरक्षित आकडा आहे.

घरात मांसाचा थर्मामीटर असणारे थोडेच. विणकामाची लोखंडी सुई तुकड्याच्या सर्वांत जाड भागात खुपसावी, पाच-सहा आकडे मोजावेत आणि तिचं टोक खालच्या ओठाखाली हलकेच टेकवावं. कोमट लागलं तर अजून वेळ आहे. सहन होईल-न होईल इतकं गरम लागलं तर उतरवावा. उतरवल्यावरही बाहेरची उष्णता आत शिरत राहते आणि आतलं तापमान दोन-चार अंश चढतं. त्याचाही हिशेब धरावा.

जाळी का धरते

कच्च्या माशाचं पृष्ठभागावरचं प्रथिन गुंडाळलेल्या अवस्थेत असतं. उष्णता लागली की त्याच्या गुंडाळ्या उलगडतात आणि उघडी पडलेली टोकं जे समोर येईल त्याला धरतात. समोर लोखंड असेल तर लोखंडाला. जाळी कोमट असताना मासा ठेवला तर ही पकड सावकाश, घट्ट बसते. जाळी आधीच रसरशीत तापलेली असेल तर प्रथिनं लोखंडात गुंतण्याआधी एकमेकांतच गुंततात आणि वरचा थर गोठून जातो. पुढे तो थर वाळून तांबूस झाला की पकड आपोआप ढिली होते. म्हणून अडलेला तुकडा उचकटू नये. मिनिटभर थांबलं तर तो बहुतेक वेळा स्वतःच सुटतो.

थर वाळायला हवा, ही अट मात्र मोठी आहे. माशात तीन चतुर्थांशाहून जास्त पाणीच असतं. पृष्ठभाग ओला असेपर्यंत विस्तव कितीही फुंकला तरी तिथलं तापमान शंभर अंशांवर अडतं, कारण येणारी सगळी उष्णता पाण्याची वाफ करण्यात खर्च होते. खरपूस रंग देणारी प्रक्रिया, म्हणजे प्रथिनं आणि साखर यांच्या संयोगातून होणारी, १४०च्या पुढेच नीट चालते. तुकड्यांना मीठ लावून पंधरा-वीस मिनिटं ठेवावं. मीठ पाणी बाहेर ओढतं आणि वरची प्रथिनं थोडी विरघळवून आतलं पाणी धरून ठेवायला मदत करतं. मग सुती फडक्याने तुकडे कोरडे टिपून काढावेत; फडकं चांगलं भिजेपर्यंत. तेल जाळीला नव्हे, माशाला लावावं, अगदी पुसटसं. जाळीवर ओतलेलं तेल निखाऱ्यांत ठिबकतं, भडका उडतो आणि माशाला काजळीचा वास लागतो.

विस्तवाचं म्हणाल तर जबलपूरच्या माणसाला तो शिकवायला नको. गक्कड-भर्ता करणारे आम्ही लोक. शेणाच्या गोवऱ्यांची धग उतरून त्यांवर राख धरली की कणकेचे गोळे आणि वांगी त्यात जातात, हे इथलं पोरसोरही जाणतं. मासाही तसाच, ज्वाळेवर नको. कोळशावर पांढरी राख चढावी. सगळे निखारे शेगडीच्या एका बाजूला ओढावेत, म्हणजे जाळीचा अर्धा भाग कडक आणि अर्धा मऊ राहतो. जाळीच्या उंचीवर तळहात धरला आणि तीन-चार सेकंदांत मागे घ्यावा लागला, तर कडक बाजू तयार आहे. तिथे रंग आणायचा, मऊ बाजूला आतून शिजवायचं. इंचभर जाडीला दोन्ही बाजू मिळून दहा मिनिटं हा ढोबळ हिशेब बऱ्यापैकी खरा ठरतो.

चिखलाचा वास

बरगीचा असो वा तलावाचा, गोड्या पाण्यातल्या माशाला कधी कधी मातीचा वास येतो आणि कोकणातून आलेली पाहुणेमंडळी नाक मुरडतात. हा वास शिळेपणाचा नव्हे. पाण्यातलं निळं-हिरवं शेवाळ आणि काही जिवाणू जिओस्मिन नावाचं द्रव्य तयार करतात. पहिल्या पावसानंतर जमिनीतून येणाऱ्या सुगंधातही तेच असतं. आपलं नाक त्याच्या बाबतीत इतकं तिखट आहे की पाण्याच्या लाख कोटी भागांत त्याचे मोजके भाग असले तरी कळतात. पावसात हवाहवासा वाटणारा गंध ताटात मात्र नकोसा होतो.

मासा जिओस्मिन कल्ल्यांवाटे घेतो आणि चरबीत साठवतो. पोटाकडची चरबी आणि कुशीवरून जाणारी काळसर पट्टी काढून टाकली तर बराचसा वास तिथेच जातो. उरलेल्याचा बंदोबस्त आंबट करतं, कारण आम्लात जिओस्मिनचं रूप बदलून त्याचा वास नाहीसा होतो. समुद्राच्या माशाला लिंबू लावतात ते वेगळ्या कारणाने. तिथे माशांत असलेल्या एका संयुगापासून जिवाणू उग्र वासाचं उडून जाणारं द्रव्य बनवतात आणि आंबट त्याला उडू देत नाही. उपाय एकच असला तरी दुखणी दोन आहेत. मात्र आंबटात मासा तासभर ठेवू नये. आम्लानेही प्रथिनं गोठतात आणि तुकडा जाळीवर जाण्याआधीच भुसभुशीत होतो. दहा-पंधरा मिनिटं पुरेत.

*चौकट: अंशांचा हिशेब*
४०–५० अंश: मासा दुधी होऊ लागतो, पदर सुटतात.
६०–६३ अंश: शिजलेला, रसदार.
६५ च्या पुढे: पाणी सुटून कोरडा.
१०० अंश: ओला पृष्ठभाग इथेच अडतो.
११० च्या आसपास: फळांतली साखर (फ्रुक्टोज) रंग बदलू लागते.
१४० च्या पुढे: मासा खरपूस होतो.
१६० च्या आसपास: साधी साखर वितळून तांबूस होऊ लागते.

बिहीची चटणी

फळ आणि तिखट एकत्र शिजवणं मराठी घरांना नवं नाही. कैरी, गूळ, मेथी आणि मिरचीचा मेथांबा हा त्याच जातीचा, आणि उन्हाळ्यात भाजलेल्या माशाबरोबर तो घट्टसर मेथांबा झकास लागतो. पण जाळीवर मासा भाजायचा खरा मोसम इथला हिवाळा आणि हिवाळ्याचं फळ म्हणजे पेरू. जबलपुरात त्याला बिही म्हणतात. गूळ शेजारच्या नरसिंहपूर जिल्ह्यातला, करेलीचा.

बिही निवडायचं कारण चवीपुरतं नाही. पेरूत पेक्टिन भरपूर असतं. फळाच्या पेशींना एकमेकींशी जोडून ठेवणारं हे द्रव्य, शिजवल्यावर मोकळं होतं आणि आंबट व साखर यांच्या सोबतीने दाटपणा आणतं. अर्धवट पिकलेल्या फळात ते जास्त, पूर्ण पिकलेल्यात कमी. म्हणून दोन कडकसर, एक पिकलेली, असं प्रमाण ठेवावं. बिया काढून फोडी थोड्या पाण्यात मऊ शिजवाव्यात आणि चाळणीतून गाळाव्यात. तेलात मोहरी तडतडली की जरासं आलं आणि तिखट घालून लगेच गर ओतावा. मिरचीचा तिखटपणा पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो, त्यामुळे तिखट फोडणीत गेलं तर ते चटणीभर सारखं पसरतं. मग गूळ, चिंचेचा कोळ, मीठ. कालथा फिरवल्यावर कढईचा तळ क्षणभर उघडा राहिला की चटणी झाली. ही पळीवाढी चटणी नव्हे. पातळ राहिली तर तिच्यातलं पाणी माशाचा खरपूस पापुद्रा भिजवून टाकतं आणि सगळी मेहनत पाण्यात जाते.

आता करपण्याचं गणित. गुळातली मुख्य साखर तशी सोशिक. ती १६०च्या आसपास तांबूस होते. पण आंबटाबरोबर उकळली की ती फुटते आणि तिच्यापासून ग्लुकोज व फ्रुक्टोज या दोन लहान साखरा बनतात. फ्रुक्टोज सर्वांत हळवी, आणि पेरूत ती मुळातच असते. म्हणजे चिंच-गूळ जितका जास्त उकळावा तितकी चटणी चकचकीत आणि मऊ होते, आणि तितकीच लवकर जळणारी. चटणी कढईत शिजताना का करपत नाही, याचं उत्तर वर आलंच आहे: तिच्यात पाणी असतं. जाळीवर पातळ थर पसरला की ते पाणी मिनिटभरात उडतं आणि मग साखरेला आवरणारं कोणी उरत नाही.

म्हणून मासा आधी नुसत्या मीठ-हळदीवर भाजून घ्यावा. तो शिजत आला, रंग आला, की मऊ बाजूला सरकवून वर चटणीचा पातळ हात द्यावा आणि फार तर मिनिट-दीड मिनिट ठेवावा. कडेने बुडबुडे येऊन ती चकाकू लागली की उतरवावा. उरलेली चटणी ताटात बाजूला.

दोन फळांपासून सांभाळून. कच्ची पपई आणि कच्चा अननस यांत प्रथिनं तोडणारी विकरं असतात. बोकडाच्या चिवट मांसाला पपई लावतात ती त्यासाठीच. नाजूक पांढऱ्या माशाचा तिने लगदा होतो. चांगली उकळलेली अननसाची चटणी चालते, कारण उष्णतेने विकरं निकामी होतात. सीताफळाचं उलट आहे. शिवनीकडची सीताफळं शरदात ढिगांनी येतात आणि त्यांची चटणी करण्याचा मोह होतो. पण त्यांचा गर तापवला की कडवट होतो. ते फळ तसंच खावं हे बरं.

चव कधी पाहायची

चटणी थंड असताना चाखून गूळ-तिखट ठरवलं तर अंदाज चुकतो. जिभेवरच्या ज्या चेतातंतूंना मिरची झोंबते, त्यांनाच साधारण ४३ अंशांच्या वरची उष्णताही चटका म्हणून जाणवते. मिरची आणि गरम मासा एकदम आले की दोन्ही संदेश एकाच वाटेने जातात आणि तीच चटणी जास्त जहाल लागते. गोडीही कोमट पदार्थात अधिक जाणवते. तेव्हा थंड चटणी दोन्ही बाबतींत थोडी कमीच वाटली पाहिजे. खात्री करायची तर चमचाभर चटणी गरम पोळीच्या तुकड्यावर घेऊन चाखावी.

आणि ज्यांना क्रम सांभाळण्याची दगदगच नको, त्यांच्यासाठी पानाची रीत आहे. माशाला पहिल्यापासून चटणी फासायची, केळीच्या किंवा पळसाच्या ओल्या पानात पुडी बांधायची आणि निखाऱ्यांवर ठेवायची. पारशांची पातरा नी मच्छी याच कुळातली, फक्त ती वाफवतात. मध्य भारतातल्या आदिवासी घरांत पानात गुंडाळलेला मासा थेट निखाऱ्यांत पुरतात. पान बाहेरून जळून काळं होतं, पण आत वाफ कोंडलेली असते. वाफ आहे तोवर आतलं तापमान शंभराच्या वर जात नाही आणि ११० अंशांना बिघडणारी साखर सुखरूप राहते. खरपूस पापुद्रा मात्र यात मिळत नाही, कारण त्याला १४० लागतात. तोही हवाच असेल तर पुडी उघडावी, तुकडा अलगद जाळीच्या कडक बाजूला सरकवावा आणि चिमटा हातात धरून तिथेच उभं राहावं. अर्ध्या मिनिटाच्या आत तो पुन्हा उचलायचा आहे.